माईंनी आणलेलं उपरणं

सनीव्हेलहून कांचनचा फोन आला की सुनेत्रा आधीच हसू दाबायची, कारण पहिलं वाक्य ठरलेलं असायचं.

"अगं, काल तुझा नवरा आमच्या टीव्हीवर पुन्हा मेला!"

"कशाने?" सुनेत्रा विचारायची.

"या वेळी गोळीने. मागच्या खेपेला मगरीने खाल्लं होतं, नाही का? आमचे हे म्हणतात, या हेमचंद्राचा विमा कोण उतरवत असेल!"

कांचनचं घर आणि सुनेत्राचं घर एकेकाळी एकाच जिन्यावर होतं. दोघींचे नवरे सनीव्हेलच्या एकाच कंपनीत इंजिनियर. हेमचंद्र मिराशी मूळचा मिरजेचा. शिकायला म्हणून अमेरिकेत आला, पास झाला, नोकरीला लागला, लग्न करून सुनेत्राला घेऊन आला, सगळं चारचौघांसारखं झालं. मग मंडळाच्या गणपतीत नाटकात उभा राहिला, तिथून संध्याकाळच्या नाट्यवर्गाला जाऊ लागला, आणि चौतिसाव्या वर्षी सोन्यासारखी नोकरी सोडून बायकोसह लॉस एंजेलिसला गेला. मंडळातले लोक म्हणाले, याला भूतबाधा झाली. सुनेत्राने एका इस्पितळाच्या प्रयोगशाळेत रक्त तपासायची नोकरी धरली, अपार्टमेंटमधल्या कपड्यांच्या कपाटातला एक खण रिकामा करून त्यात देव मांडले, आणि संसार चालू ठेवला. मूलबाळ नव्हतं. देव आणि हेमचंद्र, या दोघांचंच करायचं होतं.

देवाने हेमचंद्राला कुठल्याच देशाचा शिक्का न मारलेला चेहरा दिला होता. त्या चेहऱ्यावर तो मेक्सिकन माळी झाला, अरब शेख झाला, इटालियन पाववाला, आर्मेनियन घड्याळजी, तिबेटी लामा, पाणबुडीवरचा डॉक्टर, झालंच तर एकदा रेड इंडियन पुढारीही झाला. नायक कधी नाही. नायकाला रस्ता सांगणारा, नायकाला धोका देणारा, किंवा नायकाच्या ऐवजी मरणारा. चार वाक्यांचं काम असलं तरी आठवडाभर त्याच माणसाच्या अंगात राहायचा. मेक्सिकन माळी असताना घरी आमटीसुद्धा त्याच हेलात मागायचा. घड्याळजी असताना एका खऱ्या घड्याळजीच्या दुकानात दिवस दिवस बसून आला. चेहरा कायम गुळगुळीत ठेवायचा, म्हणजे हवी ती दाढीमिशी चिकटवता येते. शेवटी पडद्यावर नावं सरकायची तेव्हा सुनेत्रा पुढे वाकून बघायची. 'हेम मिराश' इतकं झरझर वर जायचं की दिसलं न दिसलं. नावाचा शेवट त्याच्या एजंटाने तोडला होता. इथल्या जिभेला जड जातो म्हणून.

मिरजेला त्याचे वडील, अण्णा, शाळेत गणित शिकवत. थोरल्या मुलाने हुद्दा सोडल्याचं त्यांना कळलं तेव्हा ते एवढंच म्हणाले, "सोंगं काढून पोट भरणारा आपल्या घरात आजवर कोणी नव्हता." पुन्हा त्यांनी तो विषय काढला नाही. हेमचंद्रानेही काढला नाही. पण चांगलं काम मिळालं की तो म्हणायचा, "हे अण्णांना दाखवण्यासारखं आहे." मग मान हलवून, "नाही, पुढचं दाखवू."

ते पुढचं काम चौऱ्याऐंशीच्या जानेवारीत आलं. चार भागांची मालिका होती, आणि त्यात मच्छीमार बोटीच्या ग्रीक कप्तानाचं काम. चारही भागांत तो होता. कप्तानाचा तरणा मुलगा समुद्रात बुडतो, आणि बाप बोट किनाऱ्याला आणतो. दिग्दर्शकाने हेमचंद्राला वाऱ्यात उभं केलं, त्याचे दाट, कुरळे, कानांवर पांढरे होत आलेले केस उडताना पाहिले आणि म्हणाला, "मिळाला माझा कप्तान. या केसांना कोणी हात लावायचा नाही. अर्धं काम तेच करतायत."

सुनेत्राने त्या दिवशी साखर ठेवली देवापुढे.

शूटिंग ऐन भरात असताना मिरजेहून तार आली, अण्णा गेले. सकाळची वेळ. हेमचंद्र कामावर निघण्यासाठी बूट घालत होता. तार वाचून तो एकाच पायात बूट असलेला तसाच बसून राहिला.

"जायला पाहिजे," तो म्हणाला.

सुनेत्राच्या तोंडून तेव्हा जे निघालं ते पुढे तिला कितीदा आठवलं असेल! ती म्हणाली, "तुम्ही पोचेपर्यंत सगळं झालेलं असेल. गिरीशभावजी आहेत तिथे. आणि अर्ध्यात सोडून गेलात तर पुन्हा कोण बोलावणार तुम्हाला?"

त्याने तिच्याकडे पाहिलं. त्या बघण्यात राग नव्हता. कोणीतरी हे आपल्याआधी बोललं म्हणून सुटल्यासारखं त्याचं तोंड झालं होतं, आणि ते तिला दिसलं. मग त्याने दुसरा बूट घातला.

केसांचा प्रश्न त्या दोघांनी मोठ्याने काढलाच नाही. बाप गेल्यावर मुलाने केस उतरवायचे हे कोणी कोणाला सांगायचं नसतं. पण अर्धी मालिका दाट केसांच्या कप्तानावर उतरली होती. आज दारातून आत येताना केस आहेत आणि खोलीत पोचेपर्यंत गोटा झाला, असं पडद्यावर कसं चालेल? एक केस इकडचा तिकडे झाला तरी तिथे एक बाई फोटो काढून जुळवून बघत असे. आणि दिग्दर्शकाने तर आधीच सांगून ठेवलं होतं. तेव्हा विचारायचं तरी काय, असं दोघांनीही मनाशी धरलं.

दोन दिवसांनी गिरीशचा फोन लागला. धाकटा भाऊ असून त्यानेच अग्नी दिला होता. आवाज बसलेला. "दादा, माई विचारतेय, तू केस काढलेस ना तिथे?"

हेमचंद्र रिसीव्हर धरून उभा. सुनेत्रा समोर.

"हो," तो म्हणाला.

"मग एक फोटो पाठव ना. लोक फार बोलतायत रे. थोरला फिरकला नाही म्हणून. माई कोणाला काही उत्तर देत नाही, नुसती बसते."

फोन ठेवल्यावर हेमचंद्र म्हणाला, "आता?"

तेव्हाही वाट सुनेत्रानेच काढली. मेकअप करणारी लूसिल तिच्या ओळखीची होती, दोनदा जेवून गेली होती. तिबेटी लामाच्या वेळी तिनेच हेमचंद्राच्या डोक्यावर रबराची पातळ टोपी चढवून त्याचं टक्कल केलं होतं. सुनेत्राने तिला सांगितलं की एका दुसऱ्या कामासाठी फोटो हवाय. लूसिलने शूटिंग संपल्यावर टोपी चढवली, कडा रंगवल्या, आणि हेमचंद्र तसाच गाडी चालवत घरी आला. सुनेत्राने त्याला धोतर नेसायला दिलं, उघड्या खांद्यांवर पंचा टाकला आणि कपाटापुढे उभं केलं. सुतक होतं म्हणून देवांवर पडदा ओढलेला होता. तिच्या मनात आलं, बरं झालं, देवांना दिसणार नाही. आणि असं मनात आल्याची तिला फोटोपेक्षा जास्त लाज वाटली.

"मान जराशी डावीकडे," ती म्हणाली. "कानामागची कड दिसतेय."

फोटो मिरजेला गेला. गिरीशने कळवलं की माईंनी तो गल्लीभर दाखवला. ज्यांनी ज्यांनी नाकं मुरडली होती त्यांच्या दारात जाऊन दाखवला. "परमुलखात राहून माझ्या पोराने बापाचं केलं," म्हणाल्या, आणि त्या दिवशी पहिल्यांदा नीट जेवल्या.

सुनेत्राने ते ऐकलं आणि तिला वाटलं, चला, एका म्हातारीच्या पोटात अन्न तर गेलं. या वाटण्यावर तिने महिने काढले.

मग ऑक्टोबरात माई स्वतःच आल्या.

पासष्टीच्या पुढच्या, काटकुळ्या, पहिल्यांदाच विमानात बसलेल्या. आल्या त्या दिवशी झोप नाही, आराम नाही, पेटी उघडून बसल्या. लिंबाचं लोणचं, मेतकूट, गिरीशच्या बायकोने केलेले लाडू. मग एक चौकट निघाली. फोटो मिरजेच्या स्टुडिओतून मोठा करून, चौकटीत बसवून आणला होता. धोतरातला, गोटा केलेला हेमचंद्र.

"तुमच्या देवांपाशी ठेव," माई सुनेत्राला म्हणाल्या. "ह्यांच्या फोटोशेजारी तिकडे एक आहे. इकडेही असू दे." मग चष्मा वर करून बोट ठेवलं. "ही कानामागे रेघ कसली गं? मोठा केल्यावर दिसायला लागली."

"वस्तरा लागला असेल, माई," सुनेत्रा म्हणाली. तोंडातून इतकं सहज आलं की तिलाच दचकायला झालं.

"असेल. इकडच्या न्हाव्यांना कुठली सवय." आणि पेटीच्या तळातून माईंनी खाकी कागदात गुंडाळलेली एक घडी काढली. पांढरंशुभ्र, तांबड्या काठाचं उपरणं. "हे त्याचं."

"कोणाचं?"

"न्हाव्याचं. अगं, तिकडच्या न्हाव्याला गिरीशने मान दिला. इथल्याला कोणी दिला? ह्यांच्या कामाला ज्याचा हात लागला त्याला असं कोरडं ठेवायचं नसतं. मला तिथे घेऊन चला, नाहीतर त्याला इथे बोलवा. नारळ मिळतो ना इथे?"

हेमचंद्र दारात उभा होता. नारळ मिळतो, एवढंच तो म्हणाला.

दोन दिवस टाळाटाळ झाली. दुकान बंद आहे, न्हावी गावाला गेलाय, गाडी बिघडली आहे. माई रोज सकाळी आंघोळ करून उपरण्याची घडी मांडीवर घेऊन बसायच्या. शेवटी हेमचंद्राने सॅलला गाठलं.

सॅल साठीचा इटालियन, हेमचंद्रासारखाच पडेल ते काम करणारा नट. त्याचा बाप खरोखरीचा न्हावी होता शिकागोत, आणि बापाच्या दुकानात उभं राहावं लागू नये म्हणून सॅल पोरवयात घरातून पळाला होता. "पाच सिनेमांत न्हावीच झालो," तो म्हणायचा. "बाप वर बसून हसत असणार." हेमचंद्राने त्याला सगळं सांगितलं नाही. आई म्हातारी आहे, एक रीत आहे, तिचं समाधान करायचं आहे, एवढंच सांगितलं.

रविवारी सॅल आला तो पांढरा आखूड कोट घालून, खिशात कंगवा, अंगाला पावडरचा वास. सुनेत्राने पाट मांडला, नारळ ठेवला. माई गंधाची वाटी घेऊन पुढे झाल्या आणि थबकल्या.

"मी नको. सुनेत्रा, तू लाव. तू सवाष्ण आहेस."

म्हणून सुनेत्राच्याच बोटाने त्याच्या कपाळाला गंध लागलं.

माई समोर बसल्या. "त्याला विचार, हेमू रडला का तेव्हा?"

सुनेत्राने इंग्रजीत विचारलं. सॅलने क्षणभर मान खाली घातली. काय नट होता तो! म्हणाला, "मॅडम, मी पुष्कळ डोकी केली. पण इतका स्थिर बसलेला माणूस पाहिला नाही. मी वस्तरा बाजूला ठेवला तेव्हा त्याने एक शब्द उच्चारला. मला कळला नाही. पण बापाला मारलेली हाक मला कुठल्याही भाषेत कळते."

सुनेत्राने मराठीत सांगितलं. आणि सांगताना शेवटी आपल्या पदरचं घातलं, "'अण्णा' म्हणाले, माई."

कोणी सांगितलं नव्हतं तिला ते घालायला.

माईंनी डोळ्यांना पदर लावला. मग उठून ते उपरणं स्वतःच्या हातांनी सॅलच्या खांद्यावर घातलं आणि त्या परक्या माणसाला दोन्ही हात जोडले, बराच वेळ. सॅलचा चेहरा तेव्हा जरा बदलला. दारापर्यंत पोचवायला हेमचंद्र गेला तेव्हा तो पुटपुटला, "हेम, हे कापड मी ठेवू का? मला ते ठेवून घ्यायला बरं वाटत नाहीये."

"ठेव," हेमचंद्र म्हणाला. "परत दिलंस तर तिला कळेल."

सगळं कसं निर्विघ्न पार पडलं. इतकं सुरेख की सुनेत्रा त्या संध्याकाळी देवाला दिवा लावायला कपाटापाशी गेली आणि काडी हातात धरून उभीच राहिली. चौकटीतला हेमचंद्र मान डावीकडे करून बघत होता. कान झाकण्यासाठी तिनेच वळवायला लावलेली मान. पकडले गेलो असतो तर बरं झालं असतं, असं तिला वाटलं. निदान ते हात तरी जोडले गेले नसते.

पण पकडायचं ज्याच्या मनात असतं तो घाई करत नाही.

नोव्हेंबरात ती मालिका लागली. हेमचंद्राने पहिल्या दोन भागांना टीव्ही लावूच दिला नाही. माईंच्या डोळ्यांना त्रास होतो म्हणे. तिसऱ्या दिवशी तो कामावर होता. एका गुप्तहेराच्या मालिकेत त्याला इटालियन दुकानदाराचं काम लागलं होतं, दोन दिवसांचं झालं होतं, सोमवारी उरलेलं व्हायचं होतं. जेवणाच्या सुमारास फोन वाजला आणि सुनेत्राचे हात कणकेत असल्याने माईंनी उचलला.

"माई का? मी कांचन, सनीव्हेलची! अहो, बसलात काय? टीव्ही लावा ना! हेमचंद्र चालू आहेत, आणि काय काम केलंय हो, आमचे हे रडतायत इथे!"

सुनेत्रा कणकेच्या हातांनी बाहेर आली तोवर माईंनी बटण फिरवलं होतं.

धक्क्यावर बोट लागली होती. पडद्यावरचा कप्तान मुलाचा बुडलेला डबा, का पिशवी, कसलंसं सामान उराशी धरून उतरत होता. वाऱ्याने केस उडत होते. लोक बाजूला झाले. कप्तान दोन पावलं चालला, गुडघ्यांवर बसला, आणि आवाज बाहेर पडू नये म्हणून त्याने स्वतःचा दंड तोंडात धरला, घट्ट, आणि त्याचे खांदे गदगदू लागले.

सुनेत्राला माहीत होतं की दिग्दर्शकाने तिथे नुसतं समुद्राकडे बघायला सांगितलं होतं. हेमचंद्राने घरी येऊन सांगितलं होतं, "माझ्याच्याने झालं नाही. निघून गेलं. ते म्हणाले, फार उत्तम, हेच ठेवू." आणि मग हात धुवायला गेला तो नळ चालू ठेवून आतच राहिला होता. ती तार आल्याच्या दुसऱ्या दिवशीची गोष्ट.

त्याच क्षणी किल्ली फिरली आणि हेमचंद्र घरात आला. ओठांवर दुकानदाराच्या मिशीचा डिंक तसाच होता. माईंनी एकदा पडद्याकडे पाहिलं, एकदा त्याच्याकडे.

"हेमू, हे कधीचं?"

"गेल्या हिवाळ्यातलं, माई."

"हिवाळ्यात कधी?"

हेमचंद्र ओठांवरचा डिंक नखाने सोलू लागला.

"हे नाटकातलं रडणं नाही," माई म्हणाल्या. "ह्यांनी मारलं की तू असाच दंड तोंडात धरायचास. त्यांना ऐकू जाऊ नये म्हणून. मी स्वयंपाकघरातून बघायची. हे ह्यांच्यासाठीचं रडणं आहे."

"हो, माई."

"आणि डोक्यावर केस आहेत."

टीव्हीवर कसलीशी साबणाची जाहिरात लागली. सुनेत्रा पुढे झाली आणि तिने तो बंद केला. बटणाला कणीक लागली. "माई, केस काढलेच नव्हते. काम जाईल म्हणून. जाऊ नका असं मीच म्हणाले होते. फोटोत डोक्यावर रबराची टोपी आहे. ती कल्पना माझी. फोटो मीच काढला."

माई म्हणाल्या, "आणि तो न्हावी?"

"नट आहे. माझा मित्र," हेमचंद्र म्हणाला.

"तरीच!" माईंच्या तोंडून निघालं. "मलाही वाटलं, न्हावी असून एवढं मोजकं कसं बोलतो!" क्षणभर ते हसू वाटलं, पण ते हसू नव्हतं. "गल्लीभर फिरले रे मी तो फोटो घेऊन. पायरी पायरी चढून. ह्यांच्या फोटोपुढे उभी राहून सांगितलं की बघा, तुम्ही उगाच त्याला सोंगाड्या म्हणालात."

हेमचंद्र भिंतीला टेकून खाली बसला.

माई उठल्या, कपाटाशी गेल्या, ती चौकट काढून आणली. सुनेत्राला वाटलं आता आपटणार. माईंनी ती तिच्या हातात दिली.

"हे तुझं आहे. तू ठेव. देवांपाशी नको."

रात्री कोणी नीट जेवलं नाही. सकाळी माई आंघोळ करून आल्या आणि रोजच्यासारख्या आवाजात म्हणाल्या, "त्या तुझ्या मित्राला बोलाव."

"कशाला, माई?"

"मान घेऊन बसलाय तो ह्यांच्या नावाचा. गंध लावून घेतलं, नारळ घेतला, उपरणं पांघरलं. काम केलंय का? नाही ना? मग ते त्याच्या अंगावर आहे. वर्षश्राद्ध अजून व्हायचंय. येऊन करू दे त्याला काम."

"माई," हेमचंद्र म्हणाला, "सोमवारी शूटिंग आहे. दोन दिवसांचं या केसांवर झालंय."

"तुला मी काही म्हटलं का? मी न्हाव्याला बोलावते आहे. तू बसायचं की नाही, ते तुझं तू बघ."

सुनेत्रा मध्ये काही बोलली नाही. मागच्या खेपेला ती बोलली होती. या खेपेला तिने ओठ दाताखाली धरले. हेमचंद्राने स्वतः फोन फिरवला आणि सॅलला या वेळी सगळं सांगितलं.

शनिवारी सकाळी सॅल आला. पांढरा कोट नाही, पावडर नाही. हातात बापाची चामड्याची पिशवी, तिच्यात वस्तरा, आणि खांद्यावर ते तांबड्या काठाचं उपरणं. "इतकी वर्षं पेटीत होता हा," वस्तरा दाखवून तो सुनेत्राला म्हणाला. "हात थरथरला तर आधीच माफी मागतो." त्याने आणखी एकही वाक्य रचून म्हटलं नाही.

अपार्टमेंटच्या मागे सामाईक धुलाईच्या खोलीपुढे सिमेंटची थोडी जागा होती. तिथे पाट टाकला. शेजारची बाई कपड्यांची टोपली घेऊन आली, बघितलं आणि परत गेली. हेमचंद्र धोतर नेसून, खाली मान घालून बसला. कुरळे केस सुनेत्राच्या पुढ्यात पसरलेल्या पंच्यावर पडत गेले. कानामागे सॅलचा हात हलला आणि खरोखरच वस्तरा लागला. बारीकशी लाल रेघ उमटली. माईंनी ती पाहिली, सुनेत्रानेही पाहिली. दोघींची नजर मिळाली आणि सुनेत्राने आपली खाली घातली.

"झालं," सॅल म्हणाला.

हेमचंद्राने दंड तोंडाकडे नेला. मग तो खाली घेतला आणि मोठ्याने रडला. धुलाईच्या खोलीतून ऐकू जाईल इतक्या मोठ्याने.

सोमवारी तो उजाडताच गेला, काम जाणार हे धरूनच. सुनेत्राने प्रयोगशाळेतून सुट्टी घेतली होती. आल्यावर त्याच्याबरोबर बसायला हवं म्हणून. माई आणि ती गवार निवडत बसल्या होत्या. दोघींत त्या रात्रीपासून कामापुरतंच बोलणं होतं.

दुपार कलल्यावर हेमचंद्र आला. खुर्चीत बसला. डोक्याला बांधलेला रुमाल काढला नाही.

"गेलं का काम?" सुनेत्राने विचारलं.

"नाही. झालं पूर्ण."

"म्हणजे?"

"लूसिल होती. बघितलं. पेटी उघडली, केसांचा टोप काढला, माझ्या जुन्या फोटोवरून कुरळा करून बसवला. कॉफी संपायच्या आत. दिग्दर्शकाला समजलंसुद्धा नाही." तो थांबला. "मी तिला खरं सांगितलं. ती म्हणाली, हेम, त्या फेब्रुवारीत मी तुझ्या डोक्यावर टक्कल चढवलं. त्याऐवजी केस चढवायला मला तेवढाच वेळ लागला असता. मला विचारलं का नाहीस?"

सुनेत्राच्या हातातली शेंग मोडली नाही, तशीच राहिली. वर्षानुवर्षं नवऱ्याच्या ओठांवर दुसऱ्यांच्या मिशा चिकटवलेल्या तिने पाहिल्या होत्या. स्वतःच्या हातांनी गरम पाण्याच्या फडक्याने त्या सोडवल्या होत्या.

माई दोघांकडे बघत होत्या. त्यांना इंग्रजी येत नव्हतं, पण आता सगळं मराठीतच बोललं गेलं होतं.

"काय म्हणतो? टोप लावला?" त्यांनी विचारलं. "तो लावता येतो?"

"येतो, माई."

"मग तेव्हा का नाही लावला?"

त्यांनी ते टोचून विचारलं नव्हतं. त्यांना खरंच कळत नव्हतं. हेमचंद्राने रुमालावरून हात फिरवला आणि तो उठून आत गेला. नळाचा आवाज आला.

माई उत्तरासाठी सुनेत्राकडे बघत राहिल्या. सुनेत्राने शेंगेची शीर ओढली, टोक मोडलं, पुढची शेंग घेतली. गवार संपली. मग माईंनीच ताट आपल्याकडे ओढून घेतलं आणि म्हणाल्या, "जा, दिवा लाव. वेळ झाली."

ती उठली. कपाट उघडलं, काडी ओढली. चौकट होती तिथली जागा रिकामी होती. ती चौकट खालच्या खणात, तिच्या साड्यांखाली होती. ठेव म्हणून माईंनीच सांगितलं होतं.